धनराज पिल्लेचे गोल किती? हॉकीपटूची कारकीर्द वाचायची कशी

नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर २ नोव्हेंबर २०२५ ला भारताच्या मुलींनी क्रिकेटचा विश्वचषक जिंकला आणि तेव्हापासून आमच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये मुलीही हक्काने बॅटिंग मागू लागल्या. त्यातली एक आठवीतली मुलगी शाळेत हॉकी खेळते. पण आकड्यांची सवय क्रिकेटची. कोणाच्या किती धावा, किती चेंडूंत, सरासरी काय, सगळं तोंडपाठ. त्याच हिशेबाने तिने विचारलं, "काका, धनराज पिल्लेचे एकूण गोल किती?"

नक्की कोणालाच माहीत नाही, असं मी म्हटलं तर तिला वाटलं की काका टोलवाटोलवी करतायत. पण उत्तर खरोखर तेच आहे. धनराज १९८९ ते २००४ भारताकडून खेळला. सामने ३३९, हा आकडा पक्का. चार ऑलिंपिक, चार विश्वचषक, चार आशियाई स्पर्धा आणि चार चॅम्पियन्स ट्रॉफी, हेही पक्कं. गोलांची अधिकृत नोंद मात्र त्या वेळच्या भारतीय हॉकी महासंघाने ठेवलीच नाही. १७० च्या वर असावेत, असं सर्वसाधारणपणे धरलं जातं. 'असावेत'! सचिनच्या शतकांबद्दल कोणी 'असावीत' म्हटलं असतं तर आपल्याकडे दंगल झाली असती.

नोंद नाही ही लाजिरवाणीच गोष्ट. पण समजा ती असती, तरी तिच्यावरून धनराज कळला असता का? पाकिस्तानच्या सोहेल अब्बासचे आंतरराष्ट्रीय गोल ३४८. म्हणजे तो धनराजच्या दुप्पट मोठा? हॉकी पाहणारा कोणीही या प्रश्नावर हसेल. का हसेल, ते समजून घेतलं की हॉकीपटूची कारकीर्द कशी मोजायची हे अर्धंअधिक कळतं.

सोहेल अब्बास बचावफळीतला खेळाडू आणि त्याचे गोल मुख्यतः शॉर्ट कॉर्नरवरचे. पुस्तकी नाव पेनल्टी कॉर्नर, पण मैदानावर सगळे शॉर्ट कॉर्नरच म्हणतात. गोलासमोर जी अर्धगोल रेषा आखलेली असते तिच्या आतला भाग म्हणजे डी. तिची कड गोलापासून १४.६३ मीटरवर असते. गोल करायचा तर चेंडूला डीच्या आत आक्रमकाची स्टिक लागायला हवी. बाहेरून कितीही जोरात मारला तरी गोल धरत नाहीत. या डीत बचाव करणाऱ्याने चूक केली, चेंडू पायाला लागला किंवा समोरच्याच्या स्टिकवर स्टिक मारली, की शॉर्ट कॉर्नर मिळतो.

मग जे घडतं ते टीव्हीवर नीट दिसतही नाही, इतकं झटपट असतं. गोलपोस्टपासून १० मीटरवर, मागच्या रेषेवर चेंडू ठेवतात. बचावाला गोलकीपर धरून फक्त पाच जण, तेही रेषेच्या मागे. उरलेल्या सहा जणांना मध्यरेषेच्या पलीकडे धाडलेलं असतं. ते धावत येईपर्यंत खेळ आटोपलेला असतो. रेषेवरचा खेळाडू चेंडू डीच्या बाहेर ढकलतो, दुसरा स्टिक आडवी टाकून तो जागच्या जागी थांबवतो आणि तिसरा फ्लिक करतो. ड्रॅग फ्लिकमध्ये चेंडू मारायचा नसतो. स्टिकच्या वळणात धरायचा, लांब टांग टाकत जमिनीवरून ओढायचा आणि गोफणीतून दगड सुटावा तसा सोडायचा. नियमाची मेख इथे आहे. शॉर्ट कॉर्नरवर पहिलाच फटका हिटचा असेल तर चेंडू ४६० मिलिमीटरच्या, म्हणजे साधारण गुडघ्याच्या वर जाता कामा नये. फ्लिकला ही अट नाही. त्यामुळे ताशी १०० किलोमीटरहून जास्त वेगाने आलेला चेंडू गोलाच्या वरच्या कोपऱ्यातही जाऊ शकतो. आणि पाच बचावपटूंपैकी एक जण, ज्याला रशर म्हणतात, तोंडाला मास्क लावून थेट त्या चेंडूच्या दिशेने धावत सुटतो. माझ्या मते हॉकीतलं सगळ्यात छातीचं काम हेच, आणि धावफलकावर त्याची ओळसुद्धा नसते.

धनराज फ्लिक करणारा नव्हता. तो आघाडीचा. मधल्या फळीतून चेंडू उचलायचा, दोघा-तिघांना चकवत डीत घुसायचं. मग एक तर गोल व्हायचा, नाहीतर हताश बचावपटूच्या हातून चूक होऊन शॉर्ट कॉर्नर मिळायचा. तो कॉर्नर गोलात गेला की नाव लागायचं फ्लिक करणाऱ्याचं. पॅरिस ऑलिंपिकमध्ये २०२४ साली हरमनप्रीत सिंगने १० गोल केले. ते शॉर्ट कॉर्नर आणि पेनल्टी स्ट्रोकवरचे. त्याचं श्रेय कमी करायचं नाही, दबावाखाली ते काम करायला लोखंडी मन लागतं. पण ते कॉर्नर मिळवले कोणी, हे किती जणांना आठवतं? धनराजची सगळी कारकीर्द या न आठवणाऱ्या रकान्यात पसरलेली आहे. २००२ मध्ये कोलोनच्या चॅम्पियन्स ट्रॉफीत भारत चौथा आला, तरी स्पर्धेतला सर्वोत्तम खेळाडू धनराज ठरला. तेव्हा तो ३४ वर्षांचा होता. ज्यांनी निवड केली ते गोल मोजत बसले नव्हते.

त्याच्या खेळाची मुळं खडकीच्या चिखलात आहेत, हे अलंकारिक नाही. १६ जुलै १९६८ चा जन्म, दारूगोळा कारखान्याची वसाहत, वडील तिथल्याच मैदानाची देखभाल करणारे. मोडक्या स्टिका, टाकून दिलेले चेंडू आणि पावसाळ्यात मऊ झालेली जमीन. मातीवर चेंडू सरळ येतच नाही. खड्डा लागला की उडतो, चिखल लागला की अडतो. मग चेंडू स्टिकला चिकटवून ठेवायला शिकावं लागतं, मनगट सतत फिरतं ठेवावं लागतं. धनराजचा आदर्श भारताचा आधीच्या पिढीतला खेळाडू मोहम्मद शाहिद. त्याचं ड्रिबलिंग बघून बघून हा शिकला.

गंमत अशी की धनराज हे शिकत होता तेव्हा जगातली हॉकी मातीवरून उठली होती. १९७६ च्या माँट्रियल ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा कृत्रिम टर्फ आलं आणि आठवेळचा सुवर्णविजेता भारत (पहिली सात सुवर्णं गवतावरची, आठवं १९८० मध्ये मॉस्कोला, तेही पाश्चात्त्य देशांच्या बहिष्कारात) तिथे सातवा आला. टर्फवर चेंडू काचेवरून घसरतो असा येतो. खेळाआधी पाणी मारतात, म्हणजे घर्षण कमी होतं आणि पडल्यावर कातडी सोलवटत नाही. अशा जमिनीवर चेंडू पायाशी घोळवण्यापेक्षा लांब, कडक पास देणं फायद्याचं. युरोप आणि ऑस्ट्रेलिया त्या गणितावर पुढे गेले. धनराज वेगळा दिसायचा तो यामुळे, की मातीवरचं मनगट आणि टर्फचा वेग दोन्ही त्याच्याकडे होतं. १९९४ च्या सिडनी विश्वचषकानंतर जागतिक संघ निवडला गेला तेव्हा त्यात भारतीय तो एकटाच.

आमच्या सोसायटीतली मुलगी डावखुरी. शाळेत तिला इतरांसारखीच स्टिक दिली म्हणून ती हिरमुसली होती. हॉकीत डावखुऱ्यांची स्टिक नसतेच, नियमातच नाही. स्टिकची एकच बाजू सपाट असते आणि चेंडू तिनेच खेळायचा, गोलाकार पाठीला लागला तर फाउल. पण पकड पाहिली तर वाईट वाटायचं कारण नाही. डावा हात वर, मुठीपाशी. उजवा खाली, आधाराला. चेंडूवरून स्टिक उलटसुलट फिरवायचं सगळं काम वरच्या डाव्या हाताचं. उजव्या हाताने फक्त स्टिक सैल धरायची, म्हणजे ती त्यात फिरते. आम्ही पार्किंगमध्ये झाडूचा दांडा घेऊन करून पाहिलं. उजवा हात घट्ट आवळला की मनगट अडतंय, हे तिच्या लगेच लक्षात आलं. डावखुऱ्या मुलांना हा भाग उलट लवकर साधतो.

आता सामन्यांच्या आकड्याकडे वळू, कारण ३३९ हा आकडा पक्का असला तरी तोही वाटतो तितका सरळ नाही. धनराज आला तेव्हा बदली खेळाडू मोजकेच घेता येत आणि बाहेर गेलेला परत येत नसे. १९९२ च्या सुमारास नियम बदलला: कितीही वेळा कोणालाही आत-बाहेर करा. आज आघाडीचा खेळाडू पाच-सात मिनिटं जीव तोडून धावतो, बाकावर येतो, पाणी पितो, पुन्हा जातो. सामनेही आता १५ मिनिटांच्या चार भागांत होतात. धनराजच्या काळात ३५-३५ मिनिटांचे दोन डाव असत. म्हणून आजचा '१०० सामने' आणि १९९० चा '१०० सामने' यांत मैदानावरची मिनिटं फार वेगवेगळी. भारताकडून धनराजपेक्षा जास्त सामने खेळलेले आहेत, दिलीप तिर्कीचे ४१२ आहेत. यादीत वर-खाली बघून मोठेपण ठरवायला गेलं की फसगत होते.

त्याच दशकात ऑफसाइडही गेला. १९९६ पासून प्रयोग म्हणून, १९९८ मध्ये कायमचा. त्याआधी आक्रमकाला समोरच्याच्या बचावामागे जाऊन उभं राहता येत नसे. आता गोलकीपरच्या नाकासमोर उभं राहिलं तरी चालतं. मैदान लांबलं, धावणं वाढलं. तिशीतल्या धनराजला अर्ध्या कारकिर्दीनंतर जणू नवा खेळ शिकावा लागला.

आणि मग सिडनी, २००० सालचं ऑलिंपिक. गटातला शेवटचा सामना पोलंडशी. जिंकलं की उपांत्य फेरी. भारत १-० ने पुढे होता आणि सामना संपायला दोन मिनिटंही राहिली नव्हती तेव्हा पोलंडने बरोबरी केली. १-१. आपल्याऐवजी दक्षिण कोरिया पुढे गेला आणि रौप्यपदक घेऊन आला. तो सामना टीव्हीवर पाहिलेल्यांना अजून त्याचं नाव नको असतं. चार ऑलिंपिक खेळूनही धनराजकडे ऑलिंपिक पदक नाही, यामागे त्याच्या खेळापेक्षा अशा दोन मिनिटांचा वाटा मोठा आहे.

आता पैशाचं. हे मुलीने नाही, तिच्या आईने विचारलं. "काका, यात पोट भरतं का हो?" वहिनींचा प्रश्न अगदी रास्त. आपल्याकडे हॉकीपटूचं पोट वर्षानुवर्षं हॉकीने नव्हे, नोकरीने भरलं. रेल्वे, पोलिस, लष्कर, तेल कंपन्या, बँका यांचे संघ असतात; खेळाडूला नोकरी देतात, पगार देतात, त्या बदल्यात तो त्यांच्याकडून खेळतो. धनराज खडकीतून मुंबईत आला तो थोरल्या भावामागे. रमेश पिल्ले आरसीएफकडून लीग खेळायचा. वाशीचा पूल ओलांडून गेलं की चेंबूरला ज्यांचा खताचा कारखाना लागतो, तीच आरसीएफ. पुढे जोकिम कार्व्हालोच्या हाताखाली धनराज महिंद्रच्या संघात गेला, नंतर सरकारी विमान कंपनीत. शिवाय परदेशी क्लब: फ्रान्समध्ये ल्यों, जर्मनीत स्टुटगार्ट किकर्स, मलेशिया, ढाक्याचा अबाहानी, हाँगकाँग. भारताचा कर्णधार सुटीत परदेशी क्लबकडून खेळून चार पैसे गाठीला बांधत होता.

देशाकडून खेळण्याचे काय मिळत होतं? १९९८ च्या बँकॉक आशियाई स्पर्धेचा किस्सा त्याचं उत्तर देतो. धनराज कर्णधार. अंतिम सामना दक्षिण कोरियाशी, टायब्रेकरपर्यंत गेलेला. गोलकीपर आशिष बल्लाळ भिंतीसारखा उभा राहिला आणि भारताला ३२ वर्षांनी आशियाई सुवर्ण मिळालं. मायदेशी परतल्यावर पुढच्या संघातून कर्णधारासह सात ज्येष्ठ खेळाडू वगळले गेले. महासंघाने सांगितलेलं कारण: विश्रांती. लोकांनी काढलेला अर्थ: सामन्याचं मानधन आणि सोयी यांवरून तोंड उघडल्याची शिक्षा. सुवर्णपदक जिंकून आलेल्या कर्णधाराला न मागता विश्रांती देणारे दुसरे कोणी माझ्या तरी ऐकिवात नाहीत. त्याच सुमारास, १९९९-२००० साठी, त्याला खेलरत्न मिळालं. गौरव सरकारकडून आणि डच्चू महासंघाकडून.

तो महासंघ २००८ मध्ये, भारत बीजिंग ऑलिंपिकला पात्रच ठरला नाही त्या वर्षी, निलंबित झाला आणि पुढे त्याच्या जागी हॉकी इंडिया ही नवी संघटना आली. आज चित्र पुष्कळ सुधारलंय. जिंकलेल्या सामन्यामागे प्रत्येक खेळाडूला ५० हजार रुपये द्यायचं हॉकी इंडियाने २०२२ मध्ये जाहीर केलं. सात वर्षं बंद पडलेली हॉकी इंडिया लीग २०२४ च्या अखेरीस पुन्हा सुरू झाली. लिलावात हरमनप्रीतला ७८ लाख मिळाले आणि पहिल्यांदाच मुलींचीही लीग झाली. पण ही वरच्या टोकाची गोष्ट. मरीन लाइन्सच्या युवराज वाल्मीकीने २०११ मध्ये पाकिस्तानविरुद्ध आशियाई चॅम्पियन्स ट्रॉफीचा अंतिम सामना टायब्रेकरवर जिंकून दिला, तोवर त्याच्या घरात वीज नव्हती. चर्चगेटचं टर्फ तिथून चालत जाण्याएवढं जवळ. फ्लडलाइट मैदानात आणि अंधार घरात. पुढे त्याचा धाकटा भाऊ देविंदर रिओ ऑलिंपिक खेळला.

शेवट कसा होतो, हेही कारकिर्दीचाच भाग. धनराजने २००३ मध्ये क्वालालंपूरला पाकिस्तानला ४-२ ने हरवून आशिया चषक आणला, कर्णधार म्हणून. पुढच्याच वर्षी अथेन्स ऑलिंपिकच्या संघात तो होता, पण मैदानावर कमी आणि बाकावर जास्त. भारत सातवा आला, तिथेच त्याचं भारताकडून खेळणं संपलं. आत-बाहेर करण्याचा जो नियम वयस्क खेळाडूला दम घ्यायला उपयोगी पडतो, तोच प्रशिक्षकाच्या हातात असला की खेळाडू संघात असूनही नसल्यासारखा होतो. क्रिकेटमध्ये संघातून वगळलं की पेपरात येतं. हॉकीत नाव यादीत असतं, सामन्यांच्या आकड्यात एकाची भर पडते, आणि खेळलेला असतो तो काही मिनिटं.

आता नेरुळहून भारतीय संघापर्यंतची वाट. शाळेच्या आंतरजिल्हा आणि विभागीय स्पर्धा, नेहरू चषकासारख्या शालेय स्पर्धा, मग राज्याचा सब-ज्युनिअर आणि ज्युनिअर संघ. राष्ट्रीय स्पर्धेत निवड समिती बसलेली असते. तिथून शिबिराचं बोलावणं येतं. वरिष्ठ शिबिर बहुधा बंगळुरूच्या साई (भारतीय क्रीडा प्राधिकरण) केंद्रात, तीस-पस्तीस जणांचं. त्यातून सामन्याला १८, ऑलिंपिकला तर १६ च. सातारा जिल्ह्यातली वैष्णवी फाळके पुण्याच्या क्रीडा प्रबोधिनीतून भारताच्या बचावफळीत पोचली. राज्य सरकारची ही निवासी योजना आहे; निवड झाली की राहणं, जेवण, शाळा आणि टर्फ एकाच ठिकाणी. नवी मुंबईच्या मुलीला टर्फवर सराव हवा तर आज तरी हार्बरने सीएसएमटी आणि तिथून चालत चर्चगेट, पाठीवर किटची बॅग. जायला तासाहून जास्त, यायला तेवढाच. मातीवर शिकलेलं मूल पहिल्यांदा टर्फवर गेलं की चेंडू त्याच्या आधी पुढे निघून जातो. वर्षा-दीड वर्षात ते जुळलं पाहिजे, कारण निवड चाचण्या टर्फवरच होतात.

वहिनींना मी आणखी दोन गोष्टी सांगितल्या. राज्याकडून खेळल्यास दहावीला ग्रेस गुण मिळतात, आणि सरकारी नोकऱ्यांत महाराष्ट्रात खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे. प्रमाणपत्रं पहिल्या दिवसापासून फाइलला लावून ठेवा, कारण पुढे पडताळणी होते. आणि महागडी स्टिक इतक्यात नको. आधी शिनपॅड आणि दातांचं गार्ड घ्या. चेंडू १६० ग्रॅमच्या आसपास असतो आणि आठवीतल्या पोरांना अजून तो खाली ठेवता येत नाही.